पाणथळ कोपऱ्यातले ओक

प्रिय अहो आई,

आज निकाल लागला. तुमचे चारही ओक पास झाले! चारही! आणि ग्रॅहमचे चारही नापास. ही बातमी सगळ्यात आधी तुम्हालाच द्यायची होती, म्हणून चिखलाचे बूट दारात काढले आणि तशीच जिना चढून तुमच्या खोलीशी गेले. दार उघडलं आणि मग आठवलं. खाली आले, चहा टाकला आणि लिहायला बसले. ऐकणारं माणूस नाही म्हणून एवढी मोठी बातमी पोटात ठेवायची का?

तुम्ही म्हणाल, "आधी पाय धू." धुतले हो.

तुमच्या लेकाचा ऑफिसातून फोन आला होता. त्याला म्हटलं, "अभिजित, थांब जरा. आधी आईंना सांगून होऊ दे." तो बिचारा म्हणाला, "बरं, सावकाश सांग."

तुम्ही इथे कायमच्या राहायला आलात तो दिवस आठवतो का? नाना गेले, वकिलाच्या मागे लागून लागून एकदाचा तुमचा व्हिसा झाला, आणि आम्ही तुम्हाला घ्यायला हीथ्रोला आलो. मला वाटलं होतं, तुम्ही रडाल. तासगावचं घर बंद करून आलेलं माणूस, रडणारच. तर गाडी मोटरवेला लागते न लागते तोच खिडकीला नाक लावून तुमचा प्रश्न, "यातला ओक कुठला रे?" अभिजितने माझ्याकडे बघितलं, मी त्याच्याकडे. दोघंही सॉफ्टवेअरवाले! इतकी वर्षं या देशात राहून आम्हाला झाडं दोनच जातींची माहीत होती, पानं असलेली आणि पानं गळलेली. "काय बाई हे!" असं तुम्ही म्हणालात ते थेट केंब्रिज येईपर्यंत आमच्याशी बोलला नाहीत.

नंतर कळलं त्यामागचं. तासगावच्या शाळेत तुम्ही सगळी नोकरी भूगोल शिकवलात. समशीतोष्ण प्रदेशातली पानझडी झाडं कोणती? आणि अख्खा वर्ग एका सुरात, "ओक, बीच, एल्म, मॅपल!" मीही रत्नागिरीत हेच घोकलं होतं. पण आम्ही मार्कांपुरतं घोकलं आणि पेपर झाल्यावर विसरलो. तुम्हाला मात्र, आपण न बघितलेलं झाड पोरांना शिकवलं, याची टोचणी लागून राहिली होती. निवृत्त झाल्यावर, नातवंडांच्या वयाच्या पोरांना शिकवून झाल्यावर, तुम्हाला स्वतःचा धडा तपासायचा होता! असं माणूस मी तरी दुसरं बघितलं नाही.

आणि तपासलातही कसा! वर्षभरात गावातला एक ओक सोडला नाहीत. इंग्लिश ओकच्या पानाला देठ जवळजवळ नसतोच, आणि पानाच्या बुडाशी कानाच्या पाळ्यांसारख्या दोन छोट्या पाळ्या असतात. त्याच्या फळाला, म्हणजे एकॉर्नला, मात्र लांब देठ. दुसरा तो सेसाइल ओक, त्याचं नेमकं उलट. पानाला देठ, आणि एकॉर्न थेट फांदीला चिकटलेलं. मेथी निवडता निवडता तुम्ही मला हे समजावलंत, "एकाने जे पानाला दिलं, ते दुसऱ्याने फळाला दिलं. एवढं लक्षात ठेव, चुकायची नाहीस." इंग्लिश ओकला जड, ओली माती चालते. सेसाइलला उतार हवा, पायाशी पाणी साचलेलं त्याला सोसत नाही.

आणि तिसरा तुमचा लाडका, अमेरिकेहून आलेला पिन ओक. बसस्टॉपसमोर कोणीतरी कधीकाळी लावलेला. त्याची पानं खोल कातरलेली आणि प्रत्येक टोकाला बारीकसं कुसळ. "उलटं करून बघ," म्हणालात. बघते तर शिरा जिथे फुटतात तिथे केसांचे झुबके! "काखेत केस आहेत गं मेल्याच्या!" असं म्हणून तुम्ही भर रस्त्यात अशा हसलात की बसची वाट बघणारी बाई दोन पावलं मागे सरकली. ह्याचे पाय पाण्यात असले तरी हा कुरकुरत नाही, हे कळल्यावर तर तुम्ही त्याला जावईच करून घेतलात.

कारण तुमचा डोळा होता तो कोपऱ्यावर. आपल्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसणारा, सगळ्या घरांच्या मागच्या हिरवळीचा तो खोलगट कोपरा. खाली चिकणमाती, नोव्हेंबर ते मार्च नुसतं पाणी. तिथे चेरी लावली, मेली. बर्च लावले, मेले. अर्धे शेजारी म्हणत होते की आता भराव घाला, डांबर टाका आणि पाहुण्यांच्या गाड्यांना जागा करा. तुम्ही भांडी घासताना रोज तिकडे बघायचात. "पाणी साचतं म्हणून जमीन वाईट कशी? झाड चुकीचं लावलं असेल," एवढंच म्हणायचात.

त्या ऑक्टोबरात तुम्ही एकॉर्न वेचून आणलेत. इंग्लिश ओकची आणि पिन ओकची. घरी आल्याबरोबर पातेल्यात पाणी आणि त्यात एकॉर्न. तरंगली ती फेकली, बुडाली ती ठेवली. आणि मग तुम्ही जे केलंत ते इंग्लंडातल्या कुठल्या माळ्याने केलं नसेल. मटकीला मोड आणतात तशी ती ओल्या फडक्यात बांधून ठेवलीत! जुन्या साडीचं मऊ फडकं, वर गच्च गाठ. इंग्लिश ओकला लगेच मोड आले, जाडजूड, पांढरे, आणि ती लगेच मातीत गेली. पिन ओक ढिम्म. "ह्याला थंडी काढल्याशिवाय जाग येत नाही," म्हणून ते गाठोडं तुम्ही फ्रिजमध्ये टाकलंत, खालच्या कप्प्यात, इडलीच्या पिठामागे. सगळा हिवाळा ते तिथे होतं. मी दही काढायला गेले की ते माझ्याकडे बघायचं.

आणि मग रत्नागिरीहून माझी आई आली! अभिजित गमतीने म्हणायचा, घरात दोन आया, एक "अहो आई" आणि एक "ए आई". तुम्ही दोघी विहिणी एकमेकींशी किती अदबीने बोलायचात आणि किती अदबीने टोचायचात! तिने पहिल्याच आठवड्यात तुमच्या स्वयंपाकघराचा ताबा घेतला. तुम्ही लायब्ररीत गेला होतात, मी वरती मीटिंगमध्ये. खाली आले तर ए आई टेबलाशी बसलेली, पुढ्यात कोमट पाण्याचं पातेलं, आणि ती सोलतेय. कांदा चिरून तयार, खोबरं किसून तयार.

"काय गं हे?"

"वाल. फ्रिजात फडक्यात बांधलेले सापडले. डाळिंब्या करते आज. पण काय गं, इथले वाल मेले गलेलठ्ठ आणि सालं ही जाड! सुरी घ्यावी लागली."

मी किंचाळणार तेवढ्यात दारात तुम्ही. तुमचा तो चेहरा मी जन्मात विसरणार नाही. "विहीणबाई," तुम्ही म्हणालात, आवाज अगदी थंड, "ते वाल नव्हेत. ते ओक आहेत."

"मग फडक्यात कशाला बांधलेत?"

आता तुम्हीच सांगा, आई! फडक्यात बांधून फ्रिजात ठेवलेली वस्तू कोकणातल्या बाईने सोलायची नाही तर काय करायची? तुम्ही ती सोललेली, केविलवाणी, पिवळट एकॉर्न पदरात गोळा केलीत, वर खोलीत गेलात आणि जेवायलाही खाली आला नाहीत. ए आई मला म्हणे, "रागीट आहेत हो तुझ्या सासूबाई." मी म्हटलं, "तू पण ना!" मग तिने बटाट्याची भाजी केली आणि तुमचं ताट वर पाठवलं. तुम्ही ताट घेतलंत, दार लावलंत.

पण पुढे काय झालं ते कोणाला माहीत होतं? मेलीच आहेत असं धरून तुम्ही ती मातीत खोचलीत. संत्र्याच्या रसाचे उंच खोके घेतले होतेत, ओकचं मूळ आधी सरळ खाली धावतं म्हणून. आणि जवळजवळ सगळी उगवली, भराभरा! साल निघाल्याने त्यांचं उलट सोपंच झालं. तुम्ही खिडकीशी उभ्या राहून हिशोब लावत होतात, थंडी मिळाली, कोमट पाणी मिळालं, कवच गेलं. पण "विहीणबाईंमुळे" हा शब्द काही तुमच्या तोंडून बाहेर पडला नाही. मी किती वाट बघितली! एवढासा शब्द बोलला असतात तर काय बिघडलं असतं?

रोपं कमरेला आली तेव्हा रहिवाशांची ती बैठक झाली. ग्रॅहम, आपला अध्यक्ष, निवृत्त इंजिनिअर, स्वभावाने सज्जन पण एकदा ठरवलं की ठरवलं. त्याने जाहीर केलं की हा शेवटचा प्रयत्न. नर्सरीतून चार इंग्लिश ओक आणलेत. पुढच्या मे महिन्यात कोपऱ्यात झाडं जिवंत दिसली तर ठीक, नाहीतर पार्किंग. तुम्ही उठलात आणि त्याच्या रोपाचं एक वाळकं पान हातात घेतलंत. लहान ओक हिवाळ्यातही वाळकी पानं धरून ठेवतात, ते किती बरं झालं. "धिस इज नॉट इंग्लिश ओक, ग्रॅहम. लुक, लाँग स्टॉक. नो इअर्स. धिस इज सेसाइल."

"लेबलवर तर इंग्लिश ओक लिहिलंय, मिसेस पाटील."

"माझ्याही वर्गात असायची अशी मुलं," तुम्ही मला मराठीत म्हणालात, "पेपरवर नाव दुसऱ्याचं लिहिणारी. सांग त्याला." मी सांगितलं. लोक हसले, ग्रॅहमसुद्धा. पण तो हलला नाही. अखेर अर्धा कोपरा त्याला, अर्धा तुम्हाला. तुमच्या वाट्याला अर्थातच खोल भाग आला. मग ग्रॅहमने शेवटची हरकत काढली. पिन ओक अमेरिकन आहे, इथला नाही.

"अँड युअर पोटॅटो?" तुम्ही विचारलंत. "बटाटा कुठून आला, ग्रॅहम?"

भूगोलाच्या बाईंशी कोण वाद घालणार!

लावणीच्या दिवशी ग्रॅहमने खोल, चौकोनी खड्डे खणले आणि त्यात पोतंभर विकतचं खत-माती ओतली. अगदी मापात, सरळ रेषेत. तुम्ही माझ्या कानाशी, "विहिरी खणतोय का हा? चिकणमातीत खड्डा म्हणजे भांडं. सगळं पाणी ह्यातच येऊन बसणार." तुम्ही मात्र उसाच्या गावच्या. जमिनीत खड्डा न करता तुम्ही माती वर ओढून बुटके, रुंद वरंबे केलेत, आणि त्यावर रोपं, मूळ आणि खोडाचा सांधा उघडा ठेवून. सगळ्यात खोलात दोन पिन ओक, कडेला दोन इंग्लिश. साडीच्या काठाच्या पट्ट्यांनी काठ्यांना सैल बांधलेत. अभिजितची वॉटरप्रूफ विजार घालून, वर शाल गुंडाळून तुम्ही चिखलात उभ्या होतात आणि मला हुकूम सोडत होतात. ते तुमचं रूप मला फार आवडलं होतं. त्या दिवशी बोलले नाही, आज सांगते.

आणि मग तुम्ही काय केलंत? पाणी यायच्या आत गेलात! दुपारचा चहा झाला, कप बाजूला ठेवलात आणि खुर्चीतच. हे काय वागणं झालं, आई? ज्याच्यासाठी एवढा आटापिटा केलात त्याचा निकाल बघायला थांबायचं नाही? मी रागावले होते तुमच्यावर. रडायचे आणि रागवायचे. क्रिमेटोरियमला ग्रॅहम काळा टाय लावून आला होता. माझा हात धरून एवढंच म्हणाला, "शी वॉज अ फोर्स."

मग पाऊस लागला. असा लागला की गावातले म्हातारेही म्हणायला लागले की एवढं पाणी बघितलं नव्हतं. कोपऱ्याचं तळं झालं. तुमचे वरंबे छोट्या बेटांसारखे वर दिसायचे, आणि कधी तेही नाही, नुसत्या काड्या पाण्यातून बाहेर आलेल्या. मी ऑफिसच्या कॉलवर असायचे आणि डोळे खिडकीबाहेर. तुम्ही परत याव्यात असं मी तेव्हा मागत नव्हते, ते शक्यच नव्हतं. मला फक्त ती चार झाडं हवी होती. ती गेली असती तर तिथे डांबर पडलं असतं, आणि रोज भांडी घासताना मी कोणाच्यातरी गाडीकडे बघत उभी राहिले असते. हे मी कोणाला बोलले नाही. तुम्हाला म्हणून सांगते.

एप्रिल संपता संपता पाणी ओसरलं. कडेच्या दोन इंग्लिश ओकना कोवळी, तांबूस पालवी फुटली. मी आनंदाने उडीच मारली! पण खोलातले पिन ओक? नुसत्या काड्या. रोज जायचे, रोज काड्या. तुमच्या नातीला, इराला घेऊन गेले एकदा, तर ती म्हणाली, "मम्मा, आजीचा झाड डेड झाला का?" मी तिच्यावर उगाच ओरडले. मग तुम्ही शिकवलं होतंत तसं नखाने साल जराशी खरवडली. हिरवं! आतून ओलं, हिरवंगार! तिथेच चिखलात बसले मी, आई. इरा म्हणे, "मम्मा, युअर जीन्स!"

तरी समितीला नखाखालचं हिरवं कोण दाखवणार? त्यांना पानं दिसायला हवी होती. आणि आज दुपारची वेळ ठरलेली. सकाळी मी पडदाही उघडला नाही, हिंमत होत नव्हती. शेवटी बूट घातले आणि गेले. काड्यांच्या टोकांना कळ्या फुटल्या होत्या, एवढीशी पानं, नखाएवढी, पण कातर तीच आणि टोकांना तीच कुसळं. दोन्ही झाडांना!

समिती आली. ग्रॅहम आपल्या ओळीपाशी गेला. नख लावलं, तपकिरी. दुसऱ्याला लावलं, तपकिरी. खोड धरून हलवलं तर रोप मुळासकट हातात आलं, कुजलेल्या वासासकट, आणि खाली खड्ड्यात अजून पाणी. तो तसाच उभा राहिला ते रोप धरून. मला खरंच वाईट वाटलं हो त्याचं. मग तो तुमच्या बाजूला आला, चष्मा लावून वाकला, एक कोवळं पान न तोडता हळूच उलटं केलं आणि खाली बघितलं. "हेअरी आर्मपिट्स," तो म्हणाला. "तुझ्या सासूबाईंनी मला हे दोनदा सांगितलं होतं. मला वाटायचं, त्या माझी थट्टा करताहेत."

तिथेच उभ्या उभ्या हात वर झाले. पार्किंग रद्द, एकमताने! कोपरा झाडांचा, आणि झाडांची राखण माझ्याकडे. पार्किंगसाठी सगळ्यात मोठ्याने भांडणारी कोपऱ्यावरची बाईसुद्धा टाळ्या वाजवत होती. ग्रॅहमने विचारलं, त्याच्या मेलेल्या झाडांच्या जागी काय लावू आणि कसं लावू, मी शिकवेन का. मी म्हटलं, आधी ते खड्डे बुजव, मग बोलू. अगदी तुमच्या आवाजात म्हटलं बहुतेक, कारण तो "येस, मॅम" म्हणाला.

रत्नागिरीला फोन केला तेव्हा ए आईचं पहिलं वाक्य काय असेल? "मी सोलले म्हणून!" आणि मग म्हणाली, "त्या असत्या तर मी त्यांना डाळिंब्या खाऊ घातल्या असत्या. खऱ्या." रडली हो ती. तुम्ही तो शब्द बोलला नाहीत, म्हणून तुमच्या वतीने आज मीच बोलले. म्हटलं, "हो ए आई, तुझ्यामुळे." रागावू नका. निकाल लागल्यावर मास्तरांनी खुल्या मनाने मार्क द्यायचे असतात.

एक राहिलंच. जुन्या, मोठ्या, अंगभर शेवाळलेल्या ओकखाली डबा घेऊन जायचं आपलं ठरलं होतं, ते जमलं नाही. त्याची रुखरुख आहे आणि राहील.

पण वचन देते, आई. ही झाडं माझ्या डोक्याच्या वर जातील, मग घराच्या वर जातील. दर हिवाळ्यात पाणी भरेल आणि दर हिवाळ्यात मी बूट घालून त्यात उतरेन, एकेकाचं खोड चाचपून येईन, बांधलेली पट्टी आवळायला लागली की सैल करेन. आम्ही हे घर कधी विकलं तरी आधी ह्या चौघांचं बघणारं माणूस शोधीन, मग गिऱ्हाईक. आणि कुणी पुन्हा डांबराचं नाव काढलं, तर त्याला आधी माझ्याशी बोलावं लागेल. मी आता घाबरत नाही, आई. मी जिंकलेल्या बाजूची आहे.

तुमची सून,
आणि आज दुपारपासून ह्या हिरवळीची ट्री वॉर्डन,
अश्विनी